आर्थिक अपराध आणि परिवीक्षा : एक अर्थविचार

१

आर्थिक नियमनाच्या कायद्यांचा भंग करणाऱ्यास कारावास द्यावा की परिवीक्षेवर सोडावे, हा प्रश्न सकृद्दर्शनी विधिशास्त्राचा आहे आणि त्याची आजवरची चर्चाही बहुधा विधिज्ञांनीच केलेली आहे. परंतु या चर्चेतील निर्णायक युक्तिवाद एकेक करून तपासू लागले म्हणजे असे आढळते, की त्यांपैकी पुष्कळसे वस्तुस्थितीपेक्षा शब्दांच्याच आधाराने उभे आहेत. ‘आर्थिक अपराध’, ‘भेसळ’, ‘शील’, ‘नफेखोर’ हे शब्द ज्या अर्थाने गृहीतकांत प्रवेश करतात त्याच अर्थाने निष्कर्षापर्यंत टिकत नाहीत. वाटेत त्यांचा अर्थ पालटतो आणि तो पालट लक्षात न आल्यामुळे निष्कर्ष अटळ भासू लागतो. शब्दार्थाचा हा प्रवास तपासणे हे भाषाभ्यासकाचे काम आहे. प्रस्तुत टिपणात तेवढेच करावयाचे आहे.

प्रश्न केवळ शब्दांचा असता तर तो कोशकारांवर सोपवून मोकळे होता आले असते. येथे एका पारड्यात दूध, तेल, मसाले विकत घेणाऱ्या आणि त्यांतील भेसळ ओळखण्याचे कोणतेही साधन हाती नसलेल्या असंख्य माणसांचे आरोग्य आहे. दुसऱ्या पारड्यात पहिल्याच अपराधासाठी कारागृहात जाणाऱ्या माणसाचे उर्वरित आयुष्य आहे. दोन्ही पारडी जड आहेत. म्हणूनच मापे खरी आहेत की नाहीत हे पाहणे अगत्याचे ठरते.

२

प्रथम कायद्याची चौकट थोडक्यात सांगितली पाहिजे. शिक्षेऐवजी देखरेखीखाली ठेवण्याची कल्पना आपल्याकडे १९५८ साली एकाएकी अवतरली असे नाही. १८९८ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ५६२ मध्ये ती बीजरूपाने होती आणि मुंबई प्रांताने १९३८ सालीच या विषयावर स्वतंत्र कायदा केला होता. १९५८ च्या केंद्रीय अपराधी परिवीक्षा अधिनियमाने तिला देशव्यापी रूप दिले. त्याचे कलम ३ किरकोळ अपराधांत केवळ समज देऊन सोडण्याची मुभा देते. कलम ४ अन्वये, मृत्यू किंवा आजन्म कारावास ही शिक्षा नसलेल्या कोणत्याही अपराधात, न्यायालय दोषी व्यक्तीस बंधपत्र घेऊन सोडू शकते. तीन वर्षांहून अधिक नसेल अशा मुदतीत तिने सद्वर्तन ठेवावयाचे आणि बोलावणे आल्यास शिक्षा घेण्यास हजर व्हावयाचे. कलम ५ नुकसानभरपाई देवविते. कलम ६ एकवीस वर्षांखालील व्यक्तीस कारावास देण्यावर निर्बंध घालते आणि तो द्यावयाचाच झाला तर कारणे नमूद करण्यास भाग पाडते.

येथे एक गोष्ट ध्यानात ठेवावयास हवी. परिवीक्षा ही निर्दोष मुक्तता नव्हे. दोषसिद्धी कायम राहते. लांबणीवर पडते ती शिक्षा. मराठीत मात्र ‘परिवीक्षेवर सोडले’ या प्रयोगातील ‘वर’ हा अवयव ऐकणाऱ्याच्या कानांतून लवकरच गळून पडतो आणि ‘सोडले’ एवढेच शिल्लक उरते. ‘सोडणे’ या आपल्या धातूला हक्क सोडणे, दावा सोडणे, पिच्छा सोडणे असे त्यागार्थी प्रयोग चिकटलेले आहेत. त्यामुळे न्यायालयाने आपला हक्कच सोडून दिला, असा ध्वनी त्या वाक्यातून निघतो. ‘परिवीक्षा’ या घडविलेल्या शब्दाची व्युत्पत्ती याच्या नेमकी उलट आहे. परि, वि आणि ईक्ष्‌ मिळून चहूबाजूंनी बारकाईने पाहणे हा तिचा अर्थ. मूळ इंग्रजी संज्ञा ज्या लॅटिन धातूवरून आली त्याचा अर्थ पारखणे, कसास लावणे असा आहे. म्हणजे एका भाषेने या कल्पनेतील कसोटी उचलली, दुसरीने देखरेख उचलली. सोडून देणे हा अर्थ मात्र दोहोंपैकी एकीतही नाही. तरीही परिवीक्षेला होणारा लोकांचा विरोध पुष्कळदा या तिसऱ्याच, न सांगितलेल्या अर्थाला असतो.

३

आर्थिक अपराधांना परिवीक्षेचे दार बंद करावे, या मताची सर्वांत सुसंगत मांडणी विधि आयोगाच्या १९७२ च्या सत्तेचाळिसाव्या अहवालात आढळते. आयोगाचे अध्यक्ष त्या वेळी न्या. प्र. बा. गजेंद्रगडकर होते. सामाजिक व आर्थिक अपराधांचा तपास, चौकशी आणि शिक्षा हाच त्या अहवालाचा विषय आहे. अहवाल विचारपूर्वक लिहिलेला आहे आणि आज पन्नासांहून अधिक वर्षांनंतरही त्याला वगळून या विषयावर काही लिहिणे योग्य होणार नाही. म्हणूनच त्यातील युक्तिवादाची कठोर चिकित्सा होणे आवश्यक आहे.

या अपराधांची लक्षणे अहवाल पुढीलप्रमाणे देतो. प्रेरणा लोभाची असते, वासनेची किंवा द्वेषाची नसते. अपराधी आणि बळी यांच्यात भावनिक संबंध नसतो. बळी पडतो तो बहुधा राज्य किंवा समाजाचा एखादा विभाग, विशेषतः ग्राहक. साधन बळाचे नसून फसवणुकीचे असते. आणि कृत्य सामान्यतः हेतुपुरस्सर व जाणूनबुजून केलेले असते. या लक्षणांच्या आधारे अहवाल पुढे, अशा अपराधांना परिवीक्षेचा कायदा लागू असू नये, अशा निष्कर्षाप्रत येतो.

या मांडणीतील दोन क्रियाविशेषणांकडे वाचकाने लक्ष द्यावे : ‘बहुधा’ आणि ‘सामान्यतः’. लक्षणे सांगताना अहवालाने ही शब्दयोजना केली हा त्याचा प्रामाणिकपणा होय. कारण प्रत्येक आर्थिक अपराध हेतुपुरस्सर असतो असे कोणासच म्हणता येणार नाही. परंतु उपाय सांगताना ही क्रियाविशेषणे नाहीशी होतात. ‘सामान्यतः हेतुपुरस्सर’ या विधानावरून ‘कोणासही परिवीक्षा नाही’ हा नियम काढला जातो. बहुसंख्यांविषयीच्या विधानातून सर्वांविषयीचा नियम निघत नाही, हे तर्कशास्त्राच्या पहिल्या वर्गात शिकविले जाते. नियमाला अपवाद नको असेल तर त्याचे निराळे समर्थन द्यावे लागते. उदाहरणार्थ, अपवाद निवडताना न्यायालये चुकतील आणि त्या चुकीची किंमत फार मोठी असेल, असे दाखवावे लागते. असे समर्थन अशक्य नाही. त्याचा विचार पुढे येईलच. परंतु लक्षणांच्या यादीने ते सिद्ध होत नाही, एवढे येथे नोंदविले पाहिजे.

दुसरी अडचण अधिक खोल आहे. ‘जाणूनबुजून’ हे लक्षण ज्या कायद्यांना लावावयाचे त्यांतील कित्येकांनी अपराधाच्या व्याख्येतून ‘जाणणे’च काढून टाकले होते. १९५४ च्या अन्नभेसळ प्रतिबंधक अधिनियमाच्या कलम १९ प्रमाणे विक्रेत्यास वस्तूच्या स्वरूपाची, घटकांची किंवा दर्जाची माहिती नव्हती, एवढे म्हणणे हा बचावच नव्हता. परवानाधारक उत्पादकाकडून लेखी हमी घेऊन माल आणल्याचे त्याने सिद्ध केले, तरच त्याला वाट होती. सीमाशुल्क अधिनियमात १९७३ साली घातलेल्या कलम १३८ अ ने तर आरोपीची दोषी मनःस्थिती न्यायालयाने गृहीतच धरावी असे सांगितले आणि ती नसल्याचे सिद्ध करण्याचा भार आरोपीवर टाकला. तोही वाजवी संशयापलीकडे.

आता संपूर्ण युक्तिवाद एकत्र मांडून पाहावा. दोष ठरविताना मनाचा विचार अनावश्यक, कारण सिद्धता अवघड होते; म्हणून मन वगळावे किंवा गृहीत धरावे. शिक्षा ठरविताना मात्र दया नको, कारण मन थंडपणे हिशेब करणारे होते. जे मन पहिल्या पायरीवर कोणी सिद्ध केलेले नाही, तेच दुसऱ्या पायरीवर साक्षीला उभे केले जाते. सामाजिक संरक्षणासाठी मनोनिरपेक्ष दायित्व आवश्यक आहे, हे मान्य करता येईल. कठोर शिक्षा आवश्यक आहे, हेही काही अपराधांपुरते मान्य करता येईल. परंतु ज्या कायद्यात पहिली गोष्ट आहे त्यात दुसरीचे समर्थन ‘हेतुपुरस्सर’ या शब्दावर करता येणार नाही. उलट, ज्या कायद्याने दोष ठरविताना मनाचा विचार वर्ज्य केला, त्यात शिक्षा ठरविताना तरी तो करण्यास वाव असणे अधिकच गरजेचे आहे. परिवीक्षेचे कलम ४ हा तोच वाव होता.

४

न्यायालयांनी या प्रश्नाची वाट कशी काढली ते पाहण्यासारखे आहे. १९७२ साली पंजाबातील एका अन्नभेसळ प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने, न्या. खन्ना यांच्या निकालपत्राद्वारे, परिवीक्षा अधिनियम अन्नभेसळीच्या अपराधांनाही लागू होतो असा निर्वाळा दिला. १९५४ चा कायदा आधीचा, १९५८ चा नंतरचा. शिवाय नंतरच्या कायद्याने ‘अन्य कोणत्याही कायद्यात काहीही असले तरी’ या शब्दांनी आपले वर्चस्व सांगितलेले. आरोपी एकवीस वर्षांखालचा असल्याने त्यास बंधपत्रावर सोडण्यात आले. त्याच वेळी न्यायालयाने असेही बजावले, की एकवीस वर्षांवरील व्यक्तींना भेसळीच्या खटल्यांत परिवीक्षा सहजासहजी देऊ नये. ‘सहजासहजी’ या शब्दाने दार लोटले गेले, पण त्याला कडी घातली गेली नाही.

पुढच्याच वर्षी, १९७३ मध्ये, सॅकरीन व सायक्लामेट मिसळलेल्या सुपारीचे प्रकरण न्या. कृष्ण अय्यर यांच्यापुढे आले. शिक्षेच्या सुधारणावादी तत्त्वज्ञानाचा त्यांच्याइतका कैवारी त्या न्यायासनावर क्वचितच झाला असेल. तरीही येथे त्यांनी परिवीक्षा नाकारली. त्यांच्या मते सामाजिक संरक्षणाची निकड आणि अशा व्यापाऱ्याचे नैतिक परिवर्तन घडण्याची असंभाव्यता ही दोन कारणे परिवीक्षेच्या आड येतात. प्रतिष्ठित व्यापाराच्या आवरणाखाली अनेक निरपराध लोकांना धोक्यात घालणाऱ्या माणसाच्या बाबतीत समाजाने जोखीम पत्करू नये.

यांतील पहिले कारण अपराधाविषयी आहे आणि ते सबळ आहे. दुसरे कारण अपराध्याविषयी आहे. परंतु त्याचा पुरावा अपराधावरूनच घेतलेला आहे. कलम ४ ची भाषा पाहिली म्हणजे ही सरमिसळ उघड होते. प्रकरणाची परिस्थिती पाहावी आणि तीत ‘अपराधाचे स्वरूप’ व ‘अपराध्याचे शील’ यांचा समावेश करावा, असे तेथे म्हटले आहे. दोन पदे उभयान्वयी अव्ययाने जोडलेली आहेत. जोडलेल्या पदांपैकी दुसरे जर प्रत्येक वेळी पहिल्यावरूनच अनुमानित करावयाचे असेल, तर ते लिहिण्याचे प्रयोजन काय? अपराधाच्या नावावरून अपराध्याचे शील ठरविणे म्हणजे कायद्यातील दोन शब्दांपैकी एक खोडणे होय.

तिसरा निकाल १९८७ चा. गुजरातेतून आलेल्या, सोन्याशी संबंधित सीमाशुल्क प्रकरणातील न्या. ठक्कर यांचे एक निरीक्षण पुढे फार प्रसिद्धी पावले. खून एखाद्या वेळी क्षणिक आवेशात घडू शकतो, आर्थिक अपराध मात्र थंड डोक्याने, आखणी करून आणि स्वतःच्या लाभावर डोळा ठेवून केला जातो, असा त्याचा आशय आहे. पुढे जामीन आणि शिक्षा या दोन्ही विषयांच्या चर्चांत हे वाक्य एखाद्या सिद्धांतासारखे उद्धृत होत राहिले. परंतु मूळ संदर्भ पाहू गेल्यास असे दिसते, की तेथील वादाचा मुद्दा परिवीक्षा हा नव्हताच. अपिलाच्या टप्प्यावर सरकारपक्षाला जादा पुरावा सादर करू द्यावा की नाही, एवढाच तो होता. एका प्रक्रियाविषयक निर्णयाचे समर्थन करताना आलेले सामान्य विधान संदर्भातून सुटले आणि स्वतंत्र प्रमाण होऊन बसले. साहित्याच्या अभ्यासकांना सुभाषितांचा हा इतिहास परिचयाचा आहे. न्यायालयीन गद्यालाही तो चुकत नाही, हे लक्षात ठेवावे.

दरम्यान विधिमंडळाने आपला मार्ग निवडला होता. सीमाशुल्क अधिनियमात १९७३ साली, आयकर अधिनियमात १९७५ साली आणि अन्नभेसळ अधिनियमात १९७६ साली अशा तरतुदी आल्या, की दोषी व्यक्ती अठरा वर्षांखालील नसेल तर तिला परिवीक्षेचा कायदा लागू होणार नाही. सुवर्णनियंत्रणाच्या बाबतीत, भारत संरक्षण नियमांखालील ज्या अपराधांना सहा महिन्यांची किमान शिक्षा होती त्यांत परिवीक्षा देता येत नाही, असे १९७९ साली सर्वोच्च न्यायालयाने ठरविले. कडी घातली गेली ती अशी.

सुवर्णनियंत्रणाचे उदाहरण येथे विशेष उद्बोधक आहे. ते नियम जानेवारी १९६३ मध्ये आले, १९६८ साली त्यांचे अधिनियमात रूपांतर झाले आणि १९९० साली तो अधिनियम रद्द झाला. चौदा कॅरटहून अधिक शुद्धतेचे दागिने घडविणे हे पिढ्यान्‌पिढ्यांचे काम या नियमांनी सोनाराला एका दिवसात निषिद्ध केले. चोरी किंवा खून यांविषयी असे घडत नाही. त्यांचे अपराधत्व राजपत्राच्या एका अंकाने जन्मत नाही आणि दुसऱ्याने संपत नाही. नियमनाचे कित्येक अपराध हे धोरणाचे अपत्य असतात. त्यांचा भंग दंडनीय असू शकतो. परंतु तो भंग करणाऱ्याच्या नैतिक परिवर्तनाची असंभाव्यता त्यावरून सिद्ध कशी व्हावी?

५

आता आपल्या भाषेकडे वळू. आर्थिक अपराध्याला मराठीत जी नावे आहेत त्यांची घडण पाहिली म्हणजे परिवीक्षेची कल्पना आपल्या लोकमानसात का रुजली नाही, याचा काही उलगडा होतो. नफेखोर, साठेबाज, लाचखोर, दगाबाज हे शब्द ‘खोर’ आणि ‘बाज’ या फारसी प्रत्ययांनी सिद्ध झाले आहेत. ‘खोर’ म्हणजे खाणारा. ‘बाज’ म्हणजे खेळणारा. मराठीत आल्यावर हे प्रत्यय केवळ कर्तृवाचक राहिले नाहीत. ते शीलवाचक झाले. भांडखोर म्हणजे एकदा भांडलेला मनुष्य नव्हे. कावेबाज म्हणजे एकदा कावा केलेला नव्हे. ज्याच्या स्वभावात ती गोष्ट मुरली आहे, तोच या शब्दांचा वाच्यार्थ होय. याउलट ‘खुनी’ या शब्दाला एक खून पुरतो. सवयीविषयी तो काहीच सांगत नाही.

परिणामी भाषेची स्थिती मोठी विचित्र होते. खून करणाऱ्याला आपण त्याच्या कृत्याच्या नावाने ओळखतो आणि परवान्याहून पाच पोती धान्य अधिक ठेवणाऱ्याला त्याच्या स्वभावाच्या नावाने. परिवीक्षेचा कायदा नेमका हाच प्रश्न विचारावयास सांगतो : हे कृत्य या माणसाची सवय आहे, की त्याच्या आयुष्यातील एक घटना? ‘साठेबाज’ हा शब्द उच्चारताक्षणीच या प्रश्नाचे उत्तर देऊन टाकतो. तोही पुरावा येण्यापूर्वी. निकालपत्रे इंग्रजीत लिहिली गेली तरी साक्षी, युक्तिवाद, वृत्तपत्रांचे मथळे आणि दंडाधिकाऱ्यांचा स्वतःचा विचार हे सारे याच भाषेत चालते, याचा विसर पडू नये.

दुसरा शब्द ‘पांढरपेशा गुन्हेगारी’. एडविन सदरलँड यांनी १९३९ च्या आपल्या अध्यक्षीय भाषणात जी संज्ञा रूढ केली आणि १९४९ च्या ग्रंथात सत्तर मोठ्या अमेरिकन कंपन्यांच्या आचरणावरून जिचे विवेचन केले, तिचा हा मराठी अवतार आहे. सदरलँड यांच्यापुढे प्रतिष्ठित, उच्चपदस्थ आणि आपल्या व्यवसायाच्या ओघात अपराध करणारी व्यक्ती होती. मराठीत मात्र पांढरपेशा म्हणजे कोण? कोकणच्या महसूलव्यवस्थेत सवलतीच्या दराने सारा भरणारा, स्वतःच्या हाताने शेत न कसणारा वर्ग. आणि पुढे शाळामास्तर, कारकून, वकील. म्हणजे कारखानदार किंवा घाऊक व्यापारी या शब्दाच्या केंद्रस्थानी कधीच नव्हता. भाषांतराने संज्ञा आणली, पण तिचा रोख मोठ्या भांडवलावरून मध्यमवर्गीय नोकरीपेशावर वळला. सदरलँड यांनी ज्याच्याकडे बोट दाखविले तो मराठी वाचकाच्या नजरेआड झाला.

तिसरे उदाहरण वस्तुनामांचे. १९६१ साली सर्वोच्च न्यायालयापुढे असा प्रश्न आला, की दह्यापासून काढलेले लोणी हे कायद्यातील लोणी होय की नव्हे; कारण नियमातील व्याख्या दूध किंवा साय यांपासून केलेल्या पदार्थाविषयी बोलत होती. न्यायालयाने तेही लोणीच ठरविले. मराठी घरात हा प्रश्न उद्‌भवलाच नसता, कारण दही घुसळून निघते तेच आपले लोणी. १९७३ च्या प्रकरणातही सुपारी हे अन्न आहे काय, असा वाद झाला. आपल्याकडे सुपारी खातात, पान खातात, तंबाखूही खातात. मराठीच्या क्रियापदाने तो वाद आधीच मिटविला असता. तात्पर्य, ज्या माणसाला आपल्या मालाच्या कायदेशीर नावाचीही खात्री देता येत नाही, त्याच्या हातून झालेला दर्जाभंग आणि जाणूनबुजून विषारी रंग मिसळणे ही दोन्ही १९५४ च्या कायद्यात ‘भेसळ’ या एकाच शब्दाखाली येत होती. दुधातील स्निग्धांश विहित प्रमाणाहून थोडा कमी भरला, तरी ते दूध भेसळयुक्तच. एका नामाने इतके अर्थ वाहावयाचे ठरविले म्हणजे त्याच्या आधारे एकच शिक्षा न्याय्य ठरविणे कठीण होते.

६

आतापर्यंतचे विवेचन परिवीक्षेच्या विरोधकांना अन्याय करणारे होऊ नये म्हणून त्यांचे दोन सबळ आक्षेप त्यांच्या पूर्ण जोरानिशी मांडले पाहिजेत.

पहिला असा, की ‘प्रथम अपराध’ ही संज्ञा या क्षेत्रात फसवी आहे. दुकानातील प्रत्येक तागडी रोज तपासली जात नाही. नमुना घेतला जातो तो क्वचित. म्हणून येथे प्रथम अपराध याचा अर्थ बहुधा प्रथम सापडलेला अपराध असाच होतो. हा आक्षेप खरा आहे. परंतु त्याचे तर्कशुद्ध उत्तर परिवीक्षा नाकारणे हे नसून तपासणी वाढविणे हे आहे. शिवाय परिवीक्षेवरील दुकानाची तपासणी अटींनुसार वारंवार करता येईल; कारागृहातून परतलेल्या माणसाच्या दुकानाची ती पुन्हा योगायोगावरच अवलंबून राहील.

दुसरा आक्षेप याहून गंभीर आहे. शीलाचा पुरावा मागितला की प्रतिष्ठित माणसाची बाजू आपोआप बळकट होते. व्यापाऱ्याजवळ घर असते, जामीनदार असतात, धर्मादाय संस्थेला दिलेल्या देणग्यांच्या पावत्या असतात. खिसेकापूजवळ यांपैकी काहीच नसते. तेव्हा आर्थिक अपराधांना परिवीक्षा खुली केली तर ती श्रीमंतांची पळवाट होईल आणि कारागृह गरिबांसाठी राखून ठेवले जाईल. न्या. कृष्ण अय्यर यांनी प्रतिष्ठेच्या आवरणाचा जो उल्लेख केला त्याचे मर्म हेच असावे. या आक्षेपाला उत्तर न देता परिवीक्षेचा पुरस्कार करणे हे अप्रामाणिकपणाचे ठरेल.

उत्तर ‘शील’ या शब्दाच्याच फेरविचारात आहे. शील म्हणजे समाजातील नाव नव्हे. ते आचरणातून दिसते. व्यवसायातील अपराधाच्या संदर्भात ते व्यवसायातील आचरणातूनच पाहिले पाहिजे. हिशेबाच्या वह्या खऱ्या आहेत काय? माल कोणाकडून आणला हे विक्रेत्याने पहिल्याच विचारणेस सांगितले, की दडविले? सदोष माल परत बोलाविला काय? झालेला लाभ परत केला काय? या प्रश्नांना देणगीच्या पावतीने उत्तर देता येत नाही. लहान दुकानदार त्यांत सहज उत्तीर्ण होऊ शकतो आणि मोठा कारखानदार अनुत्तीर्ण. कसोटी हा शब्द आपण सोनारकामातून घेतला आहे. कसोटीच्या दगडाला दागिन्याची घडण दिसत नाही, त्याला दिसतो तो कस. शीलाची कसोटी अशीच असावयास हवी.

अर्थात यासाठी परिवीक्षा अधिकाऱ्याचा अहवाल नाममात्र असून चालणार नाही. कौटुंबिक परिस्थितीची चौकशी करण्याचे ज्याचे शिक्षण झाले आहे त्याने गोदामाची देखरेख करावी ही अपेक्षा अवास्तव आहे. अन्न, वजने-मापे किंवा कर यांच्या जाणकाराचे साहाय्य त्याला मिळाले पाहिजे. आणि जेथे मालाने माणसांना इजा झाली आहे, जेथे अपराध पुन्हा घडला आहे, किंवा जेथे लपविण्याची योजना सिद्ध झाली आहे, तेथे कारावासच योग्य. हे अपवाद सिद्ध केलेल्या तथ्यांवर आधारलेले आहेत, अपराधाच्या जातिवाचक नावावर नव्हेत. दोहोंत मूलतः भेद आहे.

७

गेल्या दोन दशकांतील कायद्यांची गती पाहिली म्हणजे या चर्चेला एक अनपेक्षित वळण मिळालेले दिसते. अन्नसुरक्षा व मानके अधिनियम, २००६ ने १९५४ च्या कायद्याची जागा घेतली आणि ‘भेसळ’ हे एकच नाम फोडून त्याचे वर्ग केले. कमी दर्जाचे अन्न आणि चुकीच्या छापाचे अन्न यांना आर्थिक शास्ती. असुरक्षित अन्नाला कारावास. आणि त्याने मृत्यू ओढवल्यास किमान सात वर्षांपासून जन्मठेपेपर्यंत शिक्षा. जी गोष्ट अर्थविचाराने सुचविली असती ती विधिमंडळाने अनुभवाने केली. पुढे २०२३ च्या जनविश्वास अधिनियमाने बेचाळीस कायद्यांतील एकशे त्र्याऐंशी तरतुदींत फेरफार करून पुष्कळ ठिकाणी कारावास काढून टाकला किंवा त्याच्या जागी शास्ती आणली.

म्हणजे १९७० च्या दशकात ज्या वर्गाला परिवीक्षा हीदेखील अतिरेकी दया वाटत होती, त्याच वर्गातील अनेक कृत्ये पन्नास वर्षांनी फौजदारी कक्षेबाहेर गेली. लंबक कारावासापासून थेट शास्तीपर्यंत गेला. मधल्या बिंदूवर तो थांबलाच नाही. शास्ती आणि परिवीक्षा यांतील फरक मात्र मोठा आहे. शास्ती भरली की संबंध संपतो. मोठ्या उद्योगाला ती खर्चाच्या एका बाबीसारखी असते, लहान विक्रेत्याचे तीच भांडवल खाते. आणि दोघांच्याही पुढील आचरणाशी तिचे काही देणेघेणे नसते. परिवीक्षा पैसा मागत नाही. ती काळ मागते, आणि त्या काळातील वर्तनाचा हिशेब मागते.

सर्वांत बोलकी गोष्ट निराळीच आहे. २००६ च्याच कायद्याच्या कलम ३२ मध्ये ‘सुधारणा नोटीस’ नावाची तरतूद आहे. अन्नव्यावसायिक नियम पाळीत नाही असे आढळल्यास पदनिर्देशित अधिकारी त्यास दोष दाखवितो, उपाय सांगतो, मुदत देतो आणि न जुमानल्यास परवाना निलंबित करतो. दोषाची जाणीव, अटी, मुदत, आणि अटी मोडल्यास परिणाम ही परिवीक्षेचीच चार अंगे होत. अशा व्यापाऱ्याचे परिवर्तन असंभाव्य म्हणून जे न्यायाधीशाच्या हातून काढून घेतले, ते प्रशासकाच्या हाती दुसऱ्या नावाने ठेवले. नोटिशीविरुद्ध अपिलाची सोय आहे, हे खरे. परंतु दोघांत अंतर राहतेच. न्यायालय उघड्यावर बसते आणि ग्राहकाला तेथे बसून ऐकता येते. कार्यालयातील पत्रव्यवहार त्याच्या दृष्टीस पडत नाही. सुधारणेची शक्यता जर आपण मान्य केलीच आहे, तर ती बंद फाइलीपेक्षा उघड्या न्यायासनापुढे पारखली जाणे अधिक हिताचे नाही काय?

निष्कर्ष असा. आर्थिक नियमनाच्या अपराधांना सरसकट परिवीक्षा द्यावी, असे येथे प्रतिपादन केलेले नाही. सरसकट नाकारण्याचे जे समर्थन करण्यात आले त्यातील मुख्य दुवे शब्दांच्या अर्थांतराने जोडलेले आहेत, एवढेच दाखविण्याचा प्रयत्न केला आहे. ‘सामान्यतः’चे ‘सर्वत्र’ झाले, गृहीत धरलेले मन सिद्ध झालेल्या मनासारखे वापरले गेले, आणि कृत्याचे नाव स्वभावाचे नाव होऊन बसले. हे दुवे निखळल्यावर उरतो तो सामाजिक संरक्षणाचा युक्तिवाद. तो सबळ आहे; पण तो प्रत्येक प्रकरणातील तथ्यांवर जिंकला गेला पाहिजे, वर्गनामावर नव्हे.

महाराष्ट्रातील कनिष्ठ न्यायालयांत मराठीतून लिहिली जाणारी निकालपत्रे हा या दृष्टीने भाषाशास्त्राच्या पदव्युत्तर विद्यार्थ्यांना उपलब्ध असलेला एक मोठा साठा आहे. त्यांत आरोपीचा निर्देश कोणत्या नामांनी होतो, दोषसिद्धीच्या आधी आणि नंतर ती नामे कशी पालटतात, आणि शिक्षेच्या परिच्छेदात ‘शील’ या शब्दाला कोणता पुरावा जोडला जातो, याची पद्धतशीर नोंद कोणी केली, तर या टिपणातील विधानांची पारख होईल. ती पारख प्रतिकूल निघाली तरी विषयाला लाभच होईल. कारण ज्या शब्दांनी माणसे कारागृहात जातात, ते शब्द तपासल्यावाचून वापरात राहणे इष्ट नव्हे.